मुक्ता, तो बाजीराव नव्हता

मिरज,
१४ ऑगस्ट

चि. मुक्ता हिस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू बोलत होतीस आणि मी मध्येच गप्प झालो. आईला वाटलं रेंज गेली. रेंज होती, मलाच चटकन उत्तर सुचलं नाही. तू म्हणालीस, "बाबा, ज्या माणसानं स्वतः अर्ज लिहून आपला मुलूख झारच्या पदरात घातला, त्याला तिथले लोक राष्ट्राचा जनक कसं म्हणतात? हा तर त्यांचा दुसरा बाजीरावच की!" आणि रशियनच्या वर्गात तुवावर, म्हणजे रशिया आणि मंगोलियाच्या मधल्या त्या छोट्या मुलखावर, बोलशील तेव्हा हेच ठासून मांडणार आहेस.

तुवा तू माझ्या टपाल तिकिटांच्या अल्बममुळे निवडलंस, त्यामुळे उत्तर देणं माझ्याकडेच लागतं. तोंडी मला जमत नाही, म्हणून लिहायला बसलो. आजची तारीखही बघ. उद्या आपलं झेंडावंदन आहे. तुवाच्या लोकांनी आपण स्वतंत्र असल्याचं जाहीर केलं ते १९२१ सालच्या १४ ऑगस्टला, आणि ज्या सभेत ते ठरलं तिचा अध्यक्ष हाच मोंगुश बुयान-बादिर्गी होता. आठ वर्षांपूर्वी झारला अर्ज करणारा आणि स्वातंत्र्याच्या सभेत अध्यक्षाच्या जागी बसलेला माणूस एकच. तुझ्या बोलण्यात हे दोघं एकत्र यायला हवेत, एवढंच मला सांगायचंय.

आधी तो मुलूख नीट डोळ्यांपुढे आण. वर सायान पर्वत, खाली तान्नू-ओला, आणि मधल्या खोऱ्यात मोठी येनिसेई आणि धाकटी येनिसेई एकमेकींना मिळतात. आपल्याकडे कृष्णा-वारणेच्या संगमावर हरिपूर आहे ना, तसं त्या संगमावर त्यांचं राजधानीचं गाव, किझिल. माणसं मेंढरं, घोडे, याक पाळणारी, ऋतू बदलला की तंबू उचलून पुढं जाणारी. भाषा तुर्की वळणाची, धर्म तिबेटी बौद्ध, आणि त्याच्या बरोबरीनं शमनही, म्हणजे आपल्याकडच्या देवऋषींसारखे. अठराव्या शतकाच्या मध्यापासून तिथं चीनच्या मांचू बादशहाचा अंमल होता. मुलूख खोशुनांत वाटलेला. खोशुन म्हणजे आपला परगणा म्हण, आणि त्याचा प्रमुख नोयोन, आपल्याकडच्या देशमुखासारखा.

बुयान-बादिर्गी १८९२ साली जन्मला तो देशमुखाच्या घरी नव्हे, साध्या गुराख्याच्या तंबूत. खेमचिक नदीकाठच्या दा खोशुनाचा नोयोन खैदिप यानं त्याला दत्तक घेतलं आणि शिकवलं. खैदिपनंच पुढाकार घेऊन चादानजवळ उस्तू-खुरे नावाचं मोठं मंदिर बांधून घेतलं, चेचून बसवलेल्या मातीच्या जाड भिंतींचं. १९०८ साली खैदिप गेला आणि खोशुनाची जबाबदारी मुलाच्या अंगावर आली. तो तेव्हा सोळा वर्षांचा होता.

सोळा, मुक्ता. मी इथं नेहमी थांबतो, का ते पुढं सांगतो.

तीन वर्षांत मांचू सत्ता कोसळली. १९११ च्या डिसेंबरात शेजारच्या मंगोलियानं स्वातंत्र्य जाहीर केलं. तुवावर आता कुणाचाच अंमल राहिला नाही, आणि हक्क मात्र तिघांचा. चीनचं नवं प्रजासत्ताक बादशहाचा सगळा वारसा आपलाच धरून होतं. मंगोलिया धर्माचा आणि लिपीचा सोबती, पण तो स्वतःच रशियाच्या आधारावर उभा. आणि रशिया तर दारात नव्हे, घरातच होता: रशियन शेतकरी आणि व्यापारी कित्येक वर्षांपासून तिथल्या कुरणांत वस्ती करून होते. खेमचिककडच्या बऱ्याच नोयोनांचा ओढा आधी मंगोलियाकडे होता. दुसरीकडच्या वरिष्ठ नोयोनानं रशियाचं संरक्षण मागायला १९१२ मध्येच सुरुवात केली होती. सगळ्या तुवाची मिळून माणसं लाखभरसुद्धा नव्हती, आणि तीही एकमतानं नव्हती.

अशा वेळी, १९१३ च्या ऑक्टोबरात, एकवीस वर्षांच्या बुयान-बादिर्गीनं झारला अर्ज केला. त्याच्या बरोबर बौद्ध धर्माचा तिथला प्रमुख कांबी-लामाही होता. पुढच्या वर्षी १७ एप्रिलला झार निकोलसनं तो मान्य केला आणि उरियांखाई, म्हणजे तुवा, रशियाच्या संरक्षणाखाली गेला. लगेच नवं गाव वसवायला घेतलं आणि नाव दिलं बेलोत्सार्स्क, म्हणजे गोऱ्या झारचं गाव. हे वाचून तुझा संताप झाला असणार. माझाही झाला होता.

पण अर्जात मागितलंय काय ते बघ. आमचा बौद्ध धर्म राहू द्या, आमच्या रीती राहू द्या, आमचं फिरतं जगणं राहू द्या. आमचे हुद्दे राहू द्या, हेही त्यात आहे आणि ते तुझ्यापासून लपवणार नाही. तो नोयोन होता, गोरगरीब गुराख्यांच्या मेहनतीवर त्याचं घर चालत होतं, आणि ते हक्क सोडायला तो काही तयार नव्हता. एवढा तुझा आरोप मला मान्य आहे. पण बाजीराव? बाजीराव होळकरांपुढं पुणं सोडून पळाला आणि गेलेली गादी परत मिळावी म्हणून १८०२ सालच्या शेवटच्या दिवशी वसईला सही केली. बुयान-बादिर्गीची गादी त्याच्याकडेच होती. घरात शिरलेल्या बळकट पाहुण्याकडून कोपरा कोपरा करून घर जाण्याऐवजी त्यानं अटी लिहून घ्यायचं ठरवलं. अटी पाळल्या जातील का, हे ठरवणं त्याच्या हातात नव्हतं.

आता ते, जे मी तुला कधी सांगितलं नाही. दादा गेले, म्हणजे तुझे आजोबा, तेव्हा मी एकोणीस वर्षांचा होतो. तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी चुलत्यांनी वाटणीचे कागद पुढं केले. नदीकाठचं मळीचं रान, दादांच्या हातचं, ते त्यांना हवं होतं. बदल्यात राहतं घर आजीच्या नावे राहील आणि आत्याच्या लग्नाचा निम्मा खर्च ते उचलतील. मी सही केली. स्टँप पेपरवर माझं नाव तिरकं गेलंय, हात स्थिर नव्हता. गावात पारावर बोललं गेलं की पोरानं बापाचं रान फुकट घालवलं. आजी मरेपर्यंत त्याच घरात, त्याच माजघरात झोपली. मी बरोबर केलं की चूक, मला आजही नक्की सांगता येत नाही. पण त्या दिवशी कागदावर आणखी एकही ओळ माझ्या हातात नव्हती, हे नक्की सांगता येतं. म्हणून सोळाव्या वर्षी परगणा अंगावर पडलेल्या आणि एकविसाव्या वर्षी सही केलेल्या पोराला लोक झटकन नाव ठेवतात तेव्हा मला बसवत नाही.

पुढची सात वर्षं तिथं धुमश्चक्री होती. १९१७ ला झारच गेला. १९१८ च्या जूनमध्ये रशियन वस्तीकर आणि तुवाच्या लोकांनी करार केला की तुवानं आपलं भवितव्य आपण ठरवावं. महिना जातो न जातो तोच क्रांतिविरोधी फौजा आल्या. चिनी सैन्य आलं, मंगोल सैन्य आलं, १९१९ च्या ऑगस्टमध्ये बोल्शेविकांच्या बाजूच्या लाल छापामारांनी बेलोत्सार्स्कजवळ लढाई जिंकली. प्रत्येक वेळी मेंढरं आणि घोडे जायचे ते गुराख्यांचे. बुयान-बादिर्गी या सगळ्यांशी बोलत राहिला, आणि याच कारणानं काहीजण त्याला संधिसाधू म्हणतात. मला विचारशील तर ज्याच्यामागं फौज नाही त्याच्याजवळ बोलणं एवढंच हत्यार असतं.

आणि मग १९२१ उजाडलं. जूनच्या अखेरीस चादानला खेमचिकच्या खोशुनांची बैठक झाली. सोव्हिएत बाजूनं इनोकेंती साफ्यानोव आला होता. तो तुवाचा मुलूख जवळून जाणणारा, आणि तुवा स्वतंत्र व्हावं या मताचा. आपलं वेगळं राज्य उभं करायचं, हे तिथं ठरलं. मग १३ ते १६ ऑगस्ट, सुग-बाझी नावाच्या ठिकाणी, सगळ्या खोशुनांचा खुराल भरला. खुराल म्हणजे सभा. सुग-बाझीचा अर्थ पाण्याचं मूळ. रशियन वस्तीकर त्या गावाला आतामानोव्का म्हणत, आज त्याचं नाव कोचेतोवो आहे. तीनशेच्या आसपास माणसं जमली, बहुतेक गुराखी. अध्यक्षपदी बुयान-बादिर्गी, वय एकोणतीस.

त्या सभेनं बावीस कलमांची घटना मंजूर केली. पहिला मुद्दा तू तुझ्या वर्गात सावकाश वाचून दाखव: तान्नू-तुवा हे स्वतंत्र राज्य आहे, आतल्या कारभारात ते कुणाचंही बांधील नाही, आणि बाहेरच्या देशांशी वागताना ते सोव्हिएत रशियाच्या आश्रयाखाली राहील. १९१३ च्या अर्जाशेजारी हे ठेवून बघ. त्या वेळी धर्म आणि रीती राखायची विनंती होती. या वेळी 'आतल्या कारभारात स्वतंत्र' हे शब्द आहेत, आणि ते तुवाच्या लोकांनी स्वतःच्या सभेत लिहिलेत. दोर जेवढा ढिला झाला तेवढा तो पुढं सरकला. नव्या राज्याच्या पहिल्या सरकारचा प्रमुखही तोच झाला. १९२५ साली सोव्हिएत संघानं आणि १९२६ साली मंगोलियानं तुवाला मान्यता दिली.

आता अल्बमचं सांगतो. लहानपणी तू त्या पानावर बोट ठेवून विचारायचीस, "आपलं तिकीट इथं का लावलंय?" तिकिटाच्या मधोमध चक्र आहे, तुला ते झेंड्यावरचं वाटायचं. ते १९२६ चं, तुवाच्या अगदी पहिल्या संचातलं. चक्र बुद्धाच्या धर्माचं. अक्षरं मंगोल लिपीतली, उभी, कारण तुवाच्या भाषेला स्वतःची लिपी मिळाली ती १९३० साली. १९३० च्या दशकातली तिकोनी आणि चौकटच्या आकाराची तिकिटं जगभर गाजली. मॉस्कोत छापलेली ती तिकिटं संग्राहकांच्या हौसेला धरूनच काढलेली. माझा जीव मात्र या साध्या चक्रावर आहे. काल रात्री चिमट्यानं उचलून भिंगाखाली धरलं. सोव्हिएतांच्या आश्रयाखालचं राज्य, सत्तेवर क्रांतिकारी पक्ष, आणि पत्रावर चिकटवायला धर्मचक्र! १९१३ च्या अर्जातली पहिली मागणी तेरा वर्षांनी अशी टपालातून फिरत होती.

ते फार काळ टिकलं नाही. त्या वर्षांत बुयान-बादिर्गी काही काळ पक्षाचा सरचिटणीस होता, आणि राज्याच्या कारभारात दोंदुक कूलारसारखी माणसं पुढं होती. दोंदुक मूळचा लामा. १९२८ साली त्यानं बौद्ध धर्माला राज्यधर्माचं स्थान दिलं आणि धर्मविरोधी प्रचाराला आळा घातला. मॉस्कोला ते खपलं नाही. १९२९ मध्ये मॉस्कोतल्या, पूर्वेकडच्या देशांतील कष्टकऱ्यांसाठीच्या कम्युनिस्ट विद्यापीठात शिकून आलेल्या तरुणांच्या हाती कारभार गेला. बुयान-बादिर्गीला अटक झाली. १९३२ साली त्याला गोळ्या घातल्या, दोंदुकलाही. बुयान-बादिर्गीचं वय तेव्हा चाळीसच्या आसपास.

त्याच १९३२ साली सत्तेवर आलेला साल्चाक तोका १९७३ मध्ये मरेपर्यंत तुवाच्या प्रमुखपदी राहिला. त्याच्याच काळात, १९४४ च्या ऑगस्टमध्ये, तुवाच्या छोट्या खुरालनं सोव्हिएत संघात घ्या असा अर्ज केला, ऑक्टोबरात तो मान्य झाला आणि देश नकाशावरून पुसला गेला. लोकांचा कौल घेतला नाही. हा अर्जही तपासून बघ, मुक्ता, आणि १९१३ चा त्याच्या शेजारी ठेव. उस्तू-खुरेचं मंदिर १९३० च्या दशकातच उद्ध्वस्त झालं होतं. मातीच्या भिंती तेवढ्या अनेक वर्षं उघड्या पावसात उभ्या राहिल्या. २०१२ मध्ये ते पुन्हा बांधून झालं. बुयान-बादिर्गीचं नाव सोव्हिएत काळात आदरानं घेता येत नव्हतं. आज तुवाच्या सरकारच्या एका मानाच्या पदकाला ते नाव आहे.

त्याचं चुकलंच नाही, असं माझं म्हणणं नाही. ज्याच्या आश्रयाला गेलो तो आश्रयदाता उद्या बदलेल, हे त्यानं एकदा पाहिलं होतं. तरी दुसऱ्या वेळी त्यानं विश्वास ठेवला. दुसरा कोण होता विश्वास ठेवायला, हा प्रश्न तू वर्गात विचार. उत्तर कुणी दिलं तर मला कळव.

पत्राबरोबर तिकीट पाठवत नाही, टपालात हरवायची भीती वाटते. फोटो आईच्या मोबाइलवरून येईल. १९१३ च्या अर्जाचा रशियन मजकूर तुला वाचनालयात मिळाला तर उतरवून घे. दिवाळीला येशील तेव्हा तो मला आधी रशियनमध्ये वाचून दाखव, मग मराठीत सांग. मी वाटणीचा कागदही काढून ठेवतो, तोही बघ.

जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझा,
बाबा