३ आणि ३०५

मा. संपादक,
स. न. वि. वि.

व्हिएतनाम युद्ध अमेरिकी तरुणांनी रस्त्यावर उतरून थांबवले, असा सूर असलेला आपला रविवारचा लेख वाचला. तारखा सगळ्या बरोबर आहेत. माझी कुरकुर सुराबद्दल आहे.

१९६८ ते १९७२ मी ओहायोतल्या एका विद्यापीठात संख्याशास्त्र शिकत होतो. विद्यार्थी व्हिसामुळे सक्तीच्या सैन्यभरतीचा मला धाक नव्हता. ग्रीन कार्डवाल्यांना होता. ओळखीतल्या दोघा भारतीयांनी म्हणूनच तेव्हा ग्रीन कार्डाचा अर्ज लांबणीवर टाकला होता. पुढे ही गोष्ट दोघांनीही कधी काढली नाही. मी एका विधवा बाईंच्या घरात भाड्याने राहत असे. माझा खोलीसोबती बी.ए.ला होता, बाईंचा मुलगा टायरच्या कारखान्यात. मुलाचा जन्म ३० डिसेंबर १९४८चा, खोलीसोबत्याचा १ जानेवारी १९४९चा. बाई दोघांसाठी मिळून एकच केक करत, ३१ तारखेला.

१ डिसेंबर १९६९च्या रात्री आम्ही चौघे टीव्हीसमोर होतो. १९४४ ते १९५० या वर्षांत जन्मलेल्या मुलांची सैन्यभरतीची सोडत होती. काचेच्या बरणीत ३६६ निळ्या कुप्या, प्रत्येकीत वर्षातली एक तारीख. ज्या क्रमाने तारीख निघेल त्या क्रमाने बोलावणे. पहिली कुपी अलेक्झांडर पर्नी या काँग्रेस सदस्याने काढली: १४ सप्टेंबर. दुसरी २४ एप्रिल. तिसरी ३० डिसेंबर.

बाईंच्या हातात विणकाम होते. त्यांनी सुया थांबवल्या नाहीत, पण दुसऱ्या दिवशी तेवढा भाग उसवलेला दिसला. मुलगा म्हणाला, ‘‘चला, निकाल तरी लागला,’’ आणि फ्रिजमधून बियर आणायला गेला. १ जानेवारीचा आकडा आम्हाला सकाळच्या वर्तमानपत्रात सापडला: ३०५. पुढे १९५ क्रमांकापर्यंतच बोलावणे गेले. म्हणजे अठ्ठेचाळीस तासांच्या फरकाने जन्मलेल्या दोन मुलांपैकी एक पहिल्याच फेरीत आणि दुसरा कायमचा मोकळा.

आता माझ्या विषयाचे थोडे. ती सोडत निकोप नव्हती. एकेका महिन्याच्या कुप्या पेटीत भरत आणि हलवत गेले. जानेवारीच्या कुप्या पुन्हापुन्हा ढवळल्या गेल्या, डिसेंबरच्या जेमतेम, आणि मग पेटी बरणीत ओतली. जानेवारीतल्या तारखांचा सरासरी क्रमांक २०१ आला, डिसेंबरचा सुमारे १२१. कुणी लबाडी केली नव्हती, नीट ढवळले नव्हते एवढेच. आमच्या विभागात आठवडाभर दुसरे बोलणे नव्हते. फळ्यावर बारा महिन्यांचा आलेख काढलेला आणि त्याखाली कुणीतरी लिहिलेले: ‘आईला विचारा, थोडे थांबता आले नसते का’. पुढच्या वर्षीच्या सोडतीत तारखांचे एक आणि क्रमांकांचे एक असे दोन वेगळे पिंप वापरले. पण ३० डिसेंबरचा ३ हा आकडा त्याने बदलला नाही.

लेखात न आलेली गोष्ट खोलीसोबत्याची. सोडतीआधीच्या ऑक्टोबरात त्याने युद्धाच्या निषेधाची काळी फीत दंडाला बांधली होती. शनिवारी सभा, रात्री खळीचे डबे घेऊन भिंतींवर पोस्टर चिकटवणे, जेवताना बाईंच्या मुलाशी वाद. ३०५ आल्यावर यातले काहीच एकदम थांबले नाही, हळूहळू विरले. जानेवारीत एक सभा बुडाली, मार्चमध्ये तो कायद्याच्या प्रवेशपरीक्षेची पुस्तके घेऊन आला. त्याला मी भित्रा म्हणणार नाही. सज्जन मुलगा होता, युद्धाबद्दलचे मतही तेच राहिले. फक्त ते मत आता त्याच्या अंगावर येणारे नव्हते.

आणि ज्याला जायचे होते तो युद्धाच्या बाजूचा! बाईंच्या मुलाला पदवीधर पोरांचे नाटक वाटे ते. कॉलेजात नाव असले की भरती लांबते आणि कॉलेजला पैसे लागतात, हा हिशेब त्याला कुणी शिकवावा लागला नव्हता. भरतीच्या हुकमाच्या पत्राची सुरुवातच ‘अभिवादन’ अशी असे. त्याने ते पत्र फ्रिजवर चुंबकाने लावले, किराण्याच्या यादीशेजारी.

४ मे १९७० रोजी आमच्याच राज्यात केंट स्टेट विद्यापीठात युद्धविरोधी निदर्शनांच्या वेळी नॅशनल गार्डने, म्हणजे राज्याच्या राखीव सैन्याने, १३ सेकंदांत ६७ गोळ्या झाडल्या. चार विद्यार्थी मेले. बाईंनी रेडिओ बंद केला आणि म्हणाल्या, ‘‘त्यांनी वर्गात बसायला हवे होते.’’ मी हादरलो. पण गॅलप या जनमत चाचणी संस्थेच्या पाहणीत ५८ टक्के लोकांनी विद्यार्थ्यांनाच दोष दिला होता. बाईंचा मुलगा तेव्हा प्रशिक्षण छावणीत होता आणि गार्डच्या गणवेशात त्यांना तोच दिसत असणार. चारच दिवसांनी न्यूयॉर्कमध्ये बांधकाम मजुरांनी युद्धविरोधी विद्यार्थ्यांना भर रस्त्यात बदडले. हे मजूर पिढ्यान्‌पिढ्या डेमोक्रॅट मते देणारे. युद्धाने अमेरिकेचे राजकारण बदलले ते इथे. १९७२च्या अध्यक्षीय निवडणुकीत डेमोक्रॅट पक्षाचे युद्धविरोधी उमेदवार मॅकगव्हर्न यांना एकटे मॅसॅच्युसेट्स आणि राजधानीचा जिल्हा मिळाला, बाकी ४९ राज्ये रिपब्लिकन राष्ट्राध्यक्ष निक्सन यांची. रस्त्यावरच्या गर्दीवरून देश मोजू नये तो असा.

निक्सन यांनी एक गोष्ट अचूक ओळखली होती: लोकांना युद्धापेक्षा सक्ती बोचते. सैन्य हळूहळू मागे आणले, १९७३ मध्ये सक्तीची भरती बंद केली. त्यांच्या कारकिर्दीत वीस हजारांहून अधिक अमेरिकी सैनिक मेले, तरी विद्यापीठे शांत होत गेली. १९७१च्या घटनादुरुस्तीने मताचे वय २१ वरून १८ झाले, ही मात्र त्या पिढीची खरी कमाई. आमच्या घरातल्या दोघांनाही १९६८ मध्ये मत नव्हते.

भरती संपल्यावर युद्ध घरातून गेले. अफगाणिस्तानात अमेरिका वीस वर्षे लढली. गणवेशात एक टक्क्याहूनही कमी लोक, तेही आपणहून आलेले. कुणाच्या फ्रिजवर पत्र नाही. आपल्या लेखकाला आजच्या अमेरिकी तरुणांची उदासीनता खटकते. मला तर त्या वेळच्या जागरूकतेचाच एक मोठा हिस्सा आकड्यांवर टांगलेला दिसला होता.

एक राहिलेच. त्या घरात चार वर्षे रोज युद्धाची चर्चा झाली, पण व्हिएतनामी किती मेले हे कुणी विचारल्याचे आठवत नाही. मीही विचारले नाही, आणि मी तर मोजणी शिकत होतो. व्हिएतनाम सरकारने १९९५ मध्ये दिलेला आकडा तीस लाखांच्या वर आहे.

बाईंचा मुलगा परतला. कारखान्यात पुन्हा लागला, आमच्याशी बेसबॉलवर बोलायचा. खोलीसोबती वकील झाला. केक एकच होत असे, तो मात्र पुन्हा झाला नाही.

सक्ती गेली, तरी १९८० पासून सैन्यभरतीसाठीची नावनोंदणी पुन्हा सुरू आहे. माझा नातू तिकडेच जन्मला. अठरा पूर्ण झाल्यावर त्याने जेवणाच्या टेबलावर मोबाइलवरच तो अर्ज भरला, दोन मेसेजच्या मध्ये. त्याचे आईवडील सुट्टीच्या तिकिटांबद्दल बोलत होते. जन्मतारखेचा रकाना भरून होईपर्यंत मी त्याच्या मागे उभा होतो.

आपला,
एक निवृत्त संख्याशास्त्र प्राध्यापक