एका किल्लीपुरतं आयुष्य

महोदय,
‘घरातलं चित्रण म्हणजे काय सिनेमा?’ असं म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी अशाच चित्रणातून सिनेमे करणारा चित्रपटकार जोनास मेकस आठवावा. लिथुआनियातून परागंदा झालेला हा माणूस १९४९ मध्ये न्यूयॉर्कला पोचला आणि थोड्याच दिवसांत उसने पैसे घेऊन त्याने १६ मिमीचा बोलेक्स कॅमेरा विकत घेतला. हाताने किल्ली द्यायची. एका किल्लीत जेमतेम अर्धा मिनिट चित्रण, आणि शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत खलास! म्हणून मग मित्र, बायको, मुलं, पडतं बर्फ, सगळं तुकड्या-तुकड्यांत टिपलेलं. चित्र थरथरतं, क्वचित जळकंही दिसतं. मला तर तेच भावतं. वर्षानुवर्षांची रिळं तो नंतर जोडत बसे. आपण फोनवर तासन्‌तास टिपतो, पण परत बघतो कोण?

– एक वाचक