शांततेवर विश्वास ठेवणारा दिग्दर्शक

महोदय,

रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ या पहिल्याच पूर्ण लांबीच्या चित्रपटाला २०२५ मध्ये अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवात जागतिक कथापट विभागाचे सर्वोच्च परीक्षक पारितोषिक मिळाले, याचा आनंद आहेच. पण चर्चा त्यांच्या शैलीचीही व्हायला हवी. वडील गेल्यावर दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी आलेला आनंद आणि त्याचा बालमित्र बाळ्या यांची जवळीक रंगवताना ते पार्श्वसंगीत टाळतात, कॅमेरा बहुतेक वेळा स्थिर ठेवतात आणि पात्रे गप्प झाली तरी दृश्य तोडण्याची घाई करत नाहीत. त्यामुळे नातेवाइकांनी लग्नावरून लावलेला लकडा प्रेक्षकालाही टोचतो. हा संयम मला फार मोलाचा वाटतो. अशा चित्रपटांना चित्रपटगृहचालकांनी सोयीच्या वेळेचे खेळ द्यावेत, ही कळकळीची विनंती.

– एक चित्रपटरसिक