घेवडा, कुकर आणि तुझा हात

प्रिय सोन्या,

तुझा हात भाजलाय हे मला ताईकडून कळलं. तू नाही सांगितलंस. असो, त्यावर मी या पत्रात काही बोलणार नाहीये, ठरवूनच बसलेय. फक्त फोड आला असेल तर फोडू नकोस आणि एक फोटो पाठव, उजेडात काढलेला.

ताई म्हणाली कुकर गच्च भरलेला होता आणि तुला मीटिंगची घाई, म्हणून तू चमच्याने शिट्टी उचललीस. अरे, घेवडा, राजमा, तुझे ते पिंटो म्हणजे तिकडचा ठिपक्यांचा घेवडा, सगळ्यांना फेस येतो. आत पाणी १२० डिग्रीच्या आसपास असतं, वाफ एकदम सोडली की ते खवळून उठतं आणि फेस, सालं सगळं त्या बारीक भोकातून बाहेर. म्हणून दाणे आणि पाणी मिळून अर्धाच कुकर भरायचा, वर चमचाभर तेल सोडायचं, आणि गॅस बंद केला की प्रेशर आपोआप उतरेपर्यंत त्याच्याकडे बघायचं पण नाही. मीटिंग गेली खड्ड्यात.

झालं माझं लेक्चर सुरू, सॉरी. एवढा घोडा झालास, तुला काय शिकवायचं. पण उजवा हात की डावा? ताईलाही माहीत नाही.

तू पहिल्यांदा व्हिडिओ कॉलवर ते पिंटोचे दाणे तळहातावर घेऊन दाखवलेस ना, तेव्हाच मी बाबांना म्हटलं, अहो हा तर आपला कोरेगावचा वाघ्या घेवडा, पट्ट्यांच्या जागी ठिपके एवढंच. आणि शिजल्यावर ते ठिपके कुठे जातात कोण जाणे, सगळे आपले एकसारखे तपकिरी. आजी असती तर तिने आधी किलोचा भाव विचारला असता. तिची घेवड्याची आमटी आठवते का तुला? चुलीवर तासन्‌तास रटरटायची, वर कांदा-लसूण मसाल्याचा तवंग, आप्पा भाकरी कुस्करून बसलेले आणि तू मधेच बोट घालायचास. कुकरला ती कधी शिवली नाही, मी लावला की शिट्टी होईपर्यंत सोप्यात जाऊन बसायची. आम्ही हसायचो तिला.

तुझ्या घरमालकीणबाई मेक्सिकोतल्या चिवावाच्या, त्या मातीच्या हंडीत कांदा, लसूण, मीठ आणि तो उग्र वासाचा एपाझोटेचा पाला घालून मंद आचेवर शिजवतात म्हणालास. छानच. त्यात चरबी कसली घालतात ते मी काही विचारत नाही, तू पण आत्याला सांगू नकोस. पण त्यांचा हात बसलाय आणि दिवसभर घरात असतात त्या. तुझं आल्बुकर्की ५३०० फुटांवर, आपल्या महाबळेश्वरपेक्षाही उंच, तिथे पाणी ९५ लाच उकळतं, म्हणून तुझे उघड्या पातेल्यातले दाणे टणकच राहिले. कुकरच बरा. रात्रभर मिठाच्या पाण्यात भिजव, ते पाणी टाकून दे, पहिली शिट्टी झाली की गॅस बारीक करून पंधरा मिनिटं. टोमॅटो, लिंबू शिजल्यावरच, नाहीतर सालं वातड होतात.

आणि आता घाबरून स्लो कुकर घेणार आहेस म्हणे. घे बाबा, पण कच्चे दाणे थेट त्यात टाकू नकोस, त्याची आच कमी पडते आणि अर्धकच्चे खाल्ले तर उलट्या सुरू होतात, आधी अर्धा तास खळखळून उकळायचे. तिथे एकटा, त्यात हात भाजलेला, वर उलट्या, मी इथे बसून काय करू सांग? नाही, हे लिहायचं नव्हतं मला. राहू दे.

बाईंनी तुझे फ्रिहोलेस, म्हणजे शिजवलेला घेवडा, दुसऱ्यांदा वाढून घेतले ना, ते बाबांनी अख्ख्या सोसायटीत सांगितलंय. ज्या न्यू मेक्सिको राज्याने १९६५ साली मिरची आणि घेवडा राज्याची भाजी ठरवली, तिथे राहणाऱ्या बाईने मागून खाल्लं, असं वर जोडून. मिशीत हसत होते. रात्री मात्र मला विचारलं, औषध लावलं असेल ना गं त्याने.

दादा डॅलसला येतोय, त्याच्याकडून कुरिअरने नवी रिंग पाठवते. कुकर किती लिटरचा ते बघून कळव, ३ आणि ५ ची रिंग वेगळी असते. जुनी कडक झाली असेल तर वापरूच नकोस.

तुझी,
आई

ता.क. बाबा विचारतायत, तो एपाझोटे कुंडीत येतो का? त्यांच्या डोक्यात आता तेच आहे.