टॉमला बोलायला लावू नका हो!

मा. संपादक,
स.न.वि.वि.

पहिल्या पानावर इतकं काय काय चाललंय आणि हा माणूस मांजर-उंदराचं घेऊन बसलाय असं कुणाला वाटलं तर वाटू दे, पण बरेच दिवस डोक्यात बसलंय ते लिहूनच टाकतो. टॉम अँड जेरीची जुनी कार्टून एका चॅनलवर परत लागायला लागली म्हणून खूश होऊन भाचीला घेऊन बसलो तर बघतो काय, टॉम बोलतोय! हिंदीत! आणि जेरीपण बोलतोय, आणि दोघं थांबायचं नावच घेत नाहीत. टॉम दाराआडून नुसता डोकावला तरी "आज तो तू गया चूहे", जेरी पळाला की "पकड के दिखा मोटू", डोक्यावर इस्त्री पडली की "हाय मेरा सिर", म्हणजे जे डोळ्यांना धडधडीत दिसतंय तेच वरून तोंडाने सांगायचं, टीव्हीवर मॅच बघताना शेजारी कुणी रेडिओची कॉमेंट्री लावून ठेवावी तसं.

हिंदीवर राग नाही बरं का, मराठीत केलं असतं तरी हेच पत्र लिहिलं असतं. दूरदर्शनवर डकटेल्स आणि टेलस्पिन आम्ही हिंदीतच बघितलं आणि ते डबिंग एक नंबर होतं, कारण त्या कार्टूनमध्ये मुळातच पात्रं बोलायची, नि ते बोलणं आपल्या कानाला कळेल असं करून दिलं. इथे मुळात बोलणंच नव्हतं. 1995 ला केबलवर कार्टून नेटवर्क आलं तेव्हा सगळा मामला इंग्रजीत, रात्री तिथेच टीएनटी या पिक्चरच्या चॅनलचे काळे-पांढरे इंग्रजी पिक्चर सुरू व्हायचे आणि घरातली मोठी माणसं चॅनल बदलायची, पण टॉम अँड जेरी लागलं की माझी आजी, जिला यस-नोच्या पुढे इंग्रजी येत नव्हतं, तीसुद्धा भाजी निवडायचं ताट घेऊन समोर येऊन बसायची आणि कुणीही काही समजावून न सांगता बरोब्बर जागेवर हसायची. आता डबिंग करून नक्की कुणाची सोय झाली ते मला कळलेलं नाही.

पत्र लिहून काय होणार असं बायको म्हणाली, तर तिला सांगितलं की टॉम अँड जेरी जगले तेच मुळात एका पत्रामुळे. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा या दोघांनी एमजीएम स्टुडिओत मांजर-उंदराचं पहिलं कार्टून केलं, पुस गेट्स द बूट, ते फेब्रुवारी 1940 मध्ये थेटरात लागलं आणि गंमत म्हणजे पडद्यावर दोघांचंही नाव नाही, नाव फक्त स्टुडिओतल्या रुडॉल्फ आयझिंग नावाच्या दुसऱ्याच माणसाचं. त्यात मांजराचं नाव जॅस्पर होतं, टॉम वगैरे काही नव्हतं, उंदराला तर नावानं कुणी हाकच मारत नाही. स्टुडिओतल्या वरच्या मंडळींना त्यात विशेष काही वाटलं नाही, मांजर-उंदीर हा काय नवीन विषय आहे का, झालं एक तेवढं पुरे, आता दुसरं काहीतरी करा असा एकंदर सूर होता. मग टेक्सासमधून थेटरवाल्या बेसा शॉर्ट बाईंचं पत्र आलं, ते मांजर-उंदराचं अजून काही येणार आहे का हो, आणि कार्टूनला ऑस्करचं नामांकनपण मिळालं, तेव्हा कुठे प्रोड्यूसर फ्रेड क्विंबी साहेबांचं मन वळलं. नावासाठी स्टुडिओत स्पर्धा ठेवली, जॉन कार नावाच्या ॲनिमेटरने टॉम आणि जेरी सुचवलं, त्याला 50 डॉलर मिळाले आणि विषय संपला. बिचाऱ्याला तेवढेच.

त्यात अजून एक भानगड आहे ती फार लोकांना माहीत नसते. टॉम आणि जेरी नावाची एक कार्टून मालिका त्याआधी न्यूयॉर्कच्या व्हॅन ब्युरेन स्टुडिओने 1931 ते 33 च्या दरम्यान काढली होती, पण त्यात दोन माणसं होती, एक उंच नि एक बुटका, आणि त्याच स्टुडिओत तरुणपणी बार्बेराने नोकरी केली होती. असो.

तर मुद्दा बोलण्याचा. ही दोघं न बोलता इतकं हसवतात ते कसं, याचं उत्तर त्यांच्या कामाच्या पद्धतीत आहे असं मला वाटतं. बार्बेराचा हात चित्रात आणि गॅग सुचण्यात पक्का, हॅनाचा कान तालात पक्का, म्हणजे कुठली हालचाल किती फ्रेमची, टॉमने दारावर आपटायच्या आधी किती क्षण हवेत थांबायचं, हे सगळं संगीताच्या मात्रा मोजाव्यात तसं मोजून कागदावर लिहिलेलं असायचं. सेकंदाला 24 फ्रेम धरल्या तर सात मिनिटांच्या कार्टूनला 10 हजारांच्या वर फ्रेम होतात, आणि त्यातली प्रत्येक कधी यायची ते ठरलेलं. त्याच्यावर स्कॉट ब्रॅडलीचं म्युझिक. हा माणूस म्हणजे टॉम-जेरीचा संवादलेखकच म्हणा, जेरी बोटांवर चालला की वाद्यं बोटांवर चालतात, टॉमला संशय आला की आधी ऑर्केस्ट्राला संशय येतो. 1944 च्या एका कार्टूनमध्ये टॉम कुत्र्याचं खोटं मुंडकं घालून कुत्र्यांच्या कोंडवाड्यात घुसतो, आणि एका जागी त्या मुंडक्याखालून जेरीच तुरुतुरु पळत असतो, तिथे ब्रॅडलीने थेट शोनबर्ग या संगीतकाराच्या पद्धतीचं, कानाला अनोळखी वाटणारं बारा सुरांचं संगीत वापरलंय, जे ऐकायला एरवी लोक तिकीट काढूनसुद्धा जायला का-कू करतात, आणि पोरं ते ऐकत खदाखदा हसतात! आता याच्यावर "अरे ये क्या हो रहा है" असं रेकॉर्ड करून लावायचं म्हणजे काय म्हणावं.

टॉमची ती किंकाळी आठवतेय ना, शेपटी दारात अडकल्यावरची, आआआऽऽऽ करून जी एकदम वर जाते नि कापल्यासारखी थांबते? ती स्वतः हॅनाची आहे. दिग्दर्शक माइकसमोर उभा राहून बोंबललाय. ती काढून नाही टाकली या डबिंगवाल्यांनी, देवाची कृपा, पण तिच्या आधी एक वाक्य आणि नंतर एक वाक्य असं चिकटवलंय, म्हणजे किंकाळीच्या आधी जी शांतता असते, ज्या अर्ध्या सेकंदात टॉमला कळतं की आता आपलं काय होणारे आणि आपल्यालाही कळतं, ती शांतताच गेली. जोक तिथेच होता हो.

ज्याला माझं म्हणणं पटत नसेल त्याने 1946 सालचं द कॅट कॉन्सर्टो काढून बघावं. टॉम काळा कोट-बिट घालून स्टेजवर येतो, ऐटीत पियानोशी बसतो, लिस्ट या संगीतकाराची हंगेरियन ऱ्हॅप्सडी नंबर दोन ही धून वाजवायला घेतो, आणि आत त्या पियानोच्या हातोड्यांवर जेरी गाढ झोपलाय. पट्टी दाबली की हातोडा उठतो नि जेरी वर उडतो. मग सगळी मारामारी चालू असताना टॉमला थांबता येत नाही कारण समोर ऑडियन्स आहे! एक हात जेरीच्या मानगुटीला नि दुसरा हात सुरावर, एकदा तर पायाने वाजवतो, जेरी काढलेल्या पट्ट्यांच्या जागी उंदराचा पिंजरा लावून ठेवतो आणि टॉमचं बोट कधी त्यात जाईल याची आपण वाट बघत राहतो, बोट इकडे पडतं तिकडे पडतं, चुकतं, चुकतं, आणि मग चटाक्. शेवटी टॉम दमून कोसळतो नि लाइट जेरीवर. एक शब्द नाही. या कार्टूनला ऑस्कर मिळालं, आणि त्याच सुमारास वॉर्नर ब्रदर्स स्टुडिओनेही त्यांच्या बग्ज बनी या सशाला पियानोवर बसवून हीच लिस्टची धून वाजवलेली असल्यामुळे कुणी कुणाची आयडिया ढापली याची दोन्ही स्टुडिओत जाम जुंपली होती, ती भांडणं रसिक लोक अजून मिटू देत नाहीत. हॅना-बार्बेराच्या काळात, 1940 ते 58 मध्ये, 114 कार्टून निघाली आणि सात ऑस्कर मिळाली.

आता कुणी जाणकार लगेच म्हणेल की टॉम काही ठिकाणी बोललाय, तर हो, बोललाय ना. मिलियन डॉलर कॅटमध्ये टॉमला दहा लाख डॉलर वारसाने मिळतात पण अट अशी की कुठल्याही जिवाला दुखवायचं नाही, उंदरालासुद्धा नाही, आणि जेरीला ती अट कळते. मग जेरी जे काही छळतो त्याला, बापरे. शेवटी टॉमचा तोल जातो, तो जेरीला धुवायला लागतो आणि मध्येच थांबून आपल्याकडे बघून म्हणतो की मी दहा लाखांवर पाणी सोडतोय, पण मी खूश आहे. पूर्ण कार्टूनभर गप्प राहिलेलं मांजर बोललं म्हणून ते वाक्य इतकं जबरदस्त लागतं. सारखं बडबडत असतं तर कुणी लक्ष दिलं असतं?

आणि यातूनच टॉमचा स्वभाव कळतो. आपल्याकडे म्हण आहे, मांजराचा खेळ होतो नि उंदराचा जीव जातो, इथे नेमकं उलटं आहे आणि पहिल्या कार्टूनपासून आहे. त्यात मालकीणबाई जॅस्परला दम देतात की घरातली अजून एक वस्तू फुटली तर तू बाहेर, आणि हे कळल्याबरोबर उंदीर ग्लास हातात घेऊन उभा, टाकू का खाली? नोकरी जायच्या भीतीने मांजर गपगार. लहानपणी आपण सगळे जेरीच्या बाजूने असतो, चाळिशी ओलांडली की हळूहळू टॉमच्या बाजूने होतो, माझ्या ओळखीतल्या बऱ्याच नोकरदारांचं असं झालंय.

त्या मालकीणबाईंचंही सांगायला पाहिजे कारण आवाज बदलण्याचा विषय तिथेही आहे. त्या कृष्णवर्णीय बाई, चेहरा कधी धड दिसत नाही, फक्त पाय नि चपला, आणि त्यांचं बोलणं नि एकूण चित्रण त्या काळच्या अमेरिकेतल्या वर्णद्वेषी साच्यातलं होतं, त्यावर कृष्णवर्णीयांच्या संघटनेने तेव्हाच आक्षेप घेतला होता. मूळ आवाज लिलियन रँडॉल्फ या अभिनेत्रीचा. पुढे टीव्हीसाठी काही कार्टूनमध्ये बाईंना गोरं करून नवीन चित्रं नि नवीन आवाज दिला, नंतर 90 च्या दशकात परत दुसऱ्या अभिनेत्रीकडून डबिंग करून घेतलं. हे बरोबर की चूक यावर वाद घालता येईल, माझं मत विचाराल तर जसं आहे तसं दाखवा आणि आधी पाटी लावा की हे चुकीचं होतं, पण निदान त्या बदलाला काही कारण होतं. आपल्या हिंदी बडबडीला काय कारण?

बरं, या जोडीला सुधारायचा हा काही पहिला प्रयत्न नाही. 1957 मध्ये एमजीएमच्या हिशोबनिसांच्या लक्षात आलं की जुनीच कार्टून पुन्हा थेटरात लावली तरी पैसे जवळपास तेवढेच येतात, मग नवीन काढा कशाला, झालं, कार्टून विभागाला टाळं. मग 1961-62 मध्ये जीन डाइचकडून प्रागमध्ये 13 कार्टून करून घेतली, अगदी थोडक्या पैशात, आणि लोखंडी पडद्यापलीकडचं, म्हणजे कम्युनिस्ट देशातलं काम आहे हे अमेरिकन प्रेक्षकाला कळू नये म्हणून चेक कलाकारांची नावं इंग्रजी वळणाची करून छापली. ते विहिरीत बोलल्यासारखे आवाज येणारे विचित्र एपिसोड आठवत असतील तर ते हेच. त्यांची मला मजा वाटते खरं, पण टायमिंग नाही ते नाही. नंतर चक जोन्सची 34, दिसायला देखणी, टॉमच्या भुवया जाड नि चेहऱ्यावर नाटकी भाव, पण पळापळीत दम कमी. 1975 मध्ये मुलं बिघडतील म्हणून टॉम-जेरीला चक्क मित्र केलं, जेरीच्या गळ्यात बो टाय, दोघं हातात हात घालून फिरतात, आणि ते किती लोकांना आठवतंय बघा. आणि 1992 च्या मोठ्या पिक्चरमध्ये तर दोघांना बोलायलाही लावलं आणि गायलाही लावलं, तो पिक्चर आपटला. म्हणजे टॉम-जेरीला वाचा फोडायचा हा प्रयोग करून झालेला आहे, त्याचा निकालही लागलेला आहे, नवीन परीक्षा घ्यायची गरज नव्हती.

चॅनलवाल्यांची बाजू मी समजू शकतो, आजकाल पोरं मोबाईलमध्ये बघत टीव्ही ऐकतात म्हणून सारखा आवाज चालू पाहिजे असं त्यांचं गणित असेल. असू दे. माझी मागणी एवढीच की सेट टॉप बॉक्सच्या रिमोटवर भाषा बदलायचं बटण असतं, त्यात हिंदी, तमिळ, तेलुगू असे पर्याय देतात तसा मूळ आवाजाचा एक द्या, ज्याला बडबड हवी त्याने बडबड ऐकावी. आणि आपल्या पुरवणीत टीव्हीवर लिहिणारी जी मंडळी आहेत, जी सासू-सुनांच्या मालिकांवर अर्धं पान भरतात, त्यांनी एकदा या प्रकारावर लिहावं, म्हणजे वाचकाच्या पत्रापेक्षा जरा वजन पडेल.

आपला,
एक वाचक, डोंबिवली