हौस म्हणून सोडून देऊ नका

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीतला रिअ‍ॅलिटी शोवरचा लेख वाचला. लेख चांगलाच होता, पण साध्या माणसांना टीव्हीवर झळकायची हौस असते म्हणून हे सगळं चालतं, हे काही पटलं नाही. ब्रिटनमधे याची सुरुवात झाली ती बघा ना. १९६४ साली ग्रॅनाडा या टीव्ही कंपनीने 'सेव्हन अप' हा माहितीपट दाखवला, त्यात सात वर्षांची १४ मुलं, कोणी महागड्या शाळेतलं, कोणी लंडनच्या ईस्ट एंड या कामगार वस्तीतलं, कोणी अनाथाश्रमातलं. सात वर्षांच्या पोराला कसली आलीय हौस? मोठ्यांनी निवडलं आणि कॅमेऱ्यासमोर बसवलं, एवढंच. तो एकदाच करायचा कार्यक्रम होता, पण पुढे दिग्दर्शक मायकेल अ‍ॅप्टेड दर सात वर्षांनी कॅमेरा घेऊन त्यांच्याकडे जात राहिले, ते पार २०१९ पर्यंत. त्यातला एकजण शिक्षक झाला, २८व्या वर्षी पंतप्रधान थॅचरबाईंच्या सरकारबद्दल जे वाटलं ते बोलला, तर पेपरवाले असे तुटून पडले की त्याने कार्यक्रमच सोडला आणि थेट ५६व्या वर्षी परत आला.

दुसरं उदाहरण एका घरातलं रोजचं जगणं दाखवणाऱ्या बीबीसीच्या 'द फॅमिली' मालिकेचं, १९७४, पॉल वॉटसन यांनी केलेलं. रेडिंग गावातलं कुटुंब, वडील बस ड्रायव्हर, आई भाजीचं दुकान चालवायची आणि दुकानाच्या वरच सगळे दाटीवाटीने राहायचे. ते काही मुलं नव्हती, स्वतःहून तयार झाली होती हे मान्य. पण पुढचं शूटिंग चालू असतानाच आधीचे भाग टीव्हीवर लागत होते, म्हणजे लोक काय बोलतात, पेपरात काय छापून येतं हे सगळं ऐकत ती माणसं घरात वावरत होती आणि कॅमेरा तेही टिपत होता! पोरगी लग्नाआधीच बॉयफ्रेंडबरोबर राहते म्हणून बोंबाबोंब झाली, टीव्हीवरच्या अश्लीलतेविरुद्ध मोहीम चालवणाऱ्या मेरी व्हाइटहाऊस यांनी तर कार्यक्रमच बंद करा म्हटलं. असं याआधी तिथे कोणी केलं नव्हतं, मग या घराला आधी कल्पना तरी कशी असणार? तयार झाले म्हणजे पुढच्या सगळ्याला हो म्हटलं असं धरायचं का? मला ते अजिबात मान्य नाही. शूटिंग संपेपर्यंत एकही भाग दाखवायचा नाही, एवढं तर चॅनलच्या हातात होतं.

आता आपल्याकडेही बिग बॉस मराठी आहे, तिथे बहुतेक नावाजलेले कलाकार असतात, त्यांना कॅमेऱ्याची सवय असते. साध्या घरातल्या माणसाला ती नसते. तेव्हा या विषयावर पुन्हा लिहाल तेव्हा चॅनलवाल्यांनाही विचारा, कार्यक्रम संपल्यावर त्या माणसांची चौकशी कोण करतं?

एक नियमित वाचक, सांगली