चि. सेन्सेई हिस, ओकायामाहून परत आल्यावर

चि. सेन्सेई हिस,
अनेक आशीर्वाद.

नाव लिहायचं नाही अशी तंबी तू दिली आहेस, म्हणून लिहीत नाही. आपल्या सोसायटीत जपानी शिकवणारी तू एकटीच आहेस, त्यामुळे ज्यांना कळायचं त्यांना कळेलच, त्याला माझा इलाज नाही. हे पत्र सगळ्यांदेखत लिहितेय, कारण समोर आभार मानायला गेलं की तू "काहीतरीच काय काकू" म्हणतेस आणि उठून चहाचं आधण ठेवतेस.

ऑगस्टमधली ती संध्याकाळ आठव. व्हिसाच्या अर्जाबरोबर दिवसवार कार्यक्रमाचा तक्ता द्यावा लागतो. कुठल्या तारखेला कुठे, मुक्काम कुठे, सगळं त्यात. तो भरून मी तुझ्याकडे फक्त स्पेलिंगं तपासायला आले होते. सहा दिवसांत टोकियो, क्योतो, नारा, हिरोशिमा, हिमेजी आणि शेवटून दुसऱ्या दिवशी ओकायामा. एका सहलीच्या पत्रकावरून उतरवलेलं, अक्षर मात्र माझं. तू तो वाचलास, स्पेलिंगांबद्दल अवाक्षर काढलं नाहीस आणि विचारलंस, "काकू, यातलं तुम्हाला नेमकं काय बघायचंय?"

"सगळंच."

"आणि एकच बघायला मिळालं तर?"

एवढं मला कोणी विचारलंच नव्हतं गं. मुलगा विचारत होता की एकटी कशाला जातेस. बहीण विचारत होती की तिकडे खाशील काय. तुझ्या प्रश्नाने मात्र मी गप्प झाले. मग बोलले ते बागेबद्दल. सिंहगड रस्त्यावरचं पु. ल. देशपांडे उद्यान 2006 मध्ये सुरू झालं, तेव्हापासून पावसाळ्यातले चार वाईट दिवस सोडले तर माझी सकाळची फेरी तिथेच. पुणे आणि ओकायामाच्या मैत्रीची ती बाग, ओकायामाच्या कोराकुएन बागेवरून बेतलेली. इतकी वर्षं लेकीला रोज भेटतेय, एकदा तिच्या आईला बघून यावं, एवढंच मनात होतं.

तू कानामागची पेन्सिल काढलीस आणि ओकायामा सोडून बाकी सगळ्यावर काट मारलीस. क्योतोवर काट बसताना मला खरंच कसंतरी झालं. तू म्हणालीस, "क्योतो काही पळून जात नाही."

तारखाही तूच हलवल्यास. मी दिवाळीचा फराळ आवरला की लगेच निघणार होते. आपला शरद तोपर्यंत सरत आलेला असतो, पण ओकायामातले मेपल लाल व्हायला नोव्हेंबरचा उत्तरार्ध उजाडतो, हे तू नसतीस तर मला हिरव्या झाडांखाली उभं राहून कळलं असतं. शिवाय 23 नोव्हेंबरला तिथे राष्ट्रीय सुट्टी, तेव्हा हॉटेलं भरलेली आणि महागलेली. ती उलटून गेल्यावर पोचायचं ठरलं. आणि तो रेल्वेचा पास! सगळेच घेतात म्हणून मी तो घ्यायला निघाले होते. तू माझ्याच हातून हिशोब करून घेतलास. ऑक्टोबर 2023 पासून सात दिवसांचा पास 50,000 येन झालेला, आणि शिन-ओसाका ते ओकायामा शिंकान्सेनचं, म्हणजे बुलेट ट्रेनचं, एका वेळचं तिकीट साधारण सहा हजार. एकदा जायचं, एकदा यायचं. तीस वर्षं बँकेत काढलेल्या बाईला ही वजाबाकी तुला दाखवावी लागली, याची जरा लाज वाटली.

स्टेशनजवळ एकच हॉटेल, बॅग एकदाच उघडायची, आणि सकाळी लवकर बाहेर पडायचं, कारण पाचच्या आत सूर्य मावळतो आणि बागही पाचला बंद होते. तुझ्या कागदावर एवढंच होतं. दुपारच्या रकान्यांत बऱ्याच ठिकाणी नुसतं "मोकळं". तो शब्द बघून घरचे हसले होते.

आता बागेचं सांगते. स्टेशनापासून ट्रामने "शिरोशिता" थांब्यावर उतरायचं. शब्दशः गडाखालचं, म्हणजे आपल्याकडे असतं तर पायथा म्हणाले असते. तिथून चालत नदीपर्यंत. कोराकुएन इकेदा त्सुनामासा या दाइम्योने, म्हणजे तिथल्या संस्थानिकाने, 1687 मध्ये करायला घेतली आणि 1700 मध्ये पुरी झाली. सुमारे 13 हेक्टर, म्हणजे 33 एकर, आपल्या बागेच्या तिप्पट. पण पहिली दहा मिनिटं मला आकार जाणवलाच नाही. तळं वळतं तिथे मी आपोआप डावीकडे वळले, पुण्यात वळते तशी, आणि समोर भलतंच आलं, चहाचा मळा. पुढे भातखाचरंही आहेत. राजाच्या बागेत भातखाचर! कोकणातल्या माझ्या आत्याला हे दाखवायला हवं होतं.

सगळ्यात जास्त वेळ मी बसले ते "र्‍यूतेन" या उघड्या लाकडी मंडपात. तू कागदावर त्याच्याभोवती दोनदा गोल केला होतास आणि कारण लिहिलं नव्हतंस. मंडपाच्या मधोमध ओहोळ वाहतो, बसायचं त्याच्या दोन्ही बाजूंना. पाण्यात रंगीत दगड, मोजून सहा. वरून एक लाल पान आलं, दुसऱ्या दगडाला अडलं, गोल फिरलं, सुटलं, पाचव्याला पुन्हा अडकलं. ते निघेपर्यंत उठायचं नाही असं मी ठरवलं. शेजारच्या आजीबाईही तेच पान बघत होत्या हे नंतर लक्षात आलं, कारण ते सुटल्यावर आम्ही दोघींनी एकदमच मान हलवली. 1945 च्या बाँबहल्ल्यातून या बागेतलं जे थोडं वाचलं, त्यात हा मंडप आहे. बाकीचं बरंचसं जुन्या नकाशांवरून पुन्हा उभं केलेलं.

कोराकुएन नावाचा अर्थही तूच सांगितला होतास. "कोराकु" म्हणजे नंतरचा आनंद. आधी सगळ्यांची काळजी, मग आपली मजा, असं मूळ चिनी वचन आहे, आणि 1871 मध्ये बागेला हे नाव मिळालं. मी तेव्हा म्हटलं होतं की हे आमच्या पिढीतल्या बायकांना वेगळं शिकवायला नको. तू हसली नाहीस. म्हणालीस, "हो, पण त्यात 'नंतर' येतो, काकू. तो कुणी घेतच नाही."

पूल ओलांडला की किल्ला. उकिता हिदेइएने 1597 मध्ये पुरा केलेला, बाहेरून काळ्या फळ्यांचा, म्हणून "कावळा किल्ला". हिमेजीचा पांढरा, तो बगळा. नदीच वळवून खंदक केलेली आहे, आपला भुईकोट आठवतो. मूळ मनोरा 29 जून 1945 च्या पहाटे जळला, आताचा 1966 चा, काँक्रीटचा. "आत लिफ्ट आहे, चिडू नका," असं तू आधीच बजावलं होतंस. नसतंस तर मी चिडलेच असते. मग तू सांगितल्याप्रमाणे मागे जाऊन तो चंद्र बघायचा बुरूज शोधला. तो मात्र जुना, आगीतून वाचलेला. कोजागरीला दूध आटवायला यापेक्षा चांगली जागा मला सुचत नाही.

आणि बिच्चू-मात्सुयामा! ओकायामाहून लोकलने पाऊण-एक तास, मग डोंगर. तू म्हणालीस, जुना मनोरा शिल्लक असलेल्या जपानी गडांमधला हा सगळ्यात उंच, 430 मीटर. मी खो खो हसले, आपला सिंहगड 1300 च्या वर आहे. तू शांतपणे विचारलंस, "आणि सिंहगडावर लाकडी वाडा किती उभा आहे?" तिथे पोचल्यावर तुझं म्हणणं पटलं. मनोरा दोनच मजल्यांचा, आपल्या चौसोपी वाड्याहूनही लहान, पण असे मूळचे मनोरे अख्ख्या देशात बाराच उरलेत. जिना इतका उभा की मी साडीऐवजी पंजाबी ड्रेस घातल्याबद्दल स्वतःलाच शाबासकी दिली. 2018 च्या पुरानंतर गडावर आलेल्या आणि किल्लेदार झालेल्या त्या बोक्याची मात्र भेट झाली नाही.

परतीच्या लोकलची वेळ तू लाल शाईने लिहिली होतीस. ती मी चुकवली. तटावर बसून राहिले, चूक सर्वस्वी माझी. पुढची गाडी येईपर्यंत फलाटावर कुडकुडत द्राक्षं खाल्ली. महाग होती, पण जन्मात खाल्ली नाहीत अशी.

खाण्याबद्दल बहिणीला उत्तर द्यायचंय, म्हणून तुझ्या त्या कार्डाबद्दल लिहिते. मांस नाही, मासे नाहीत, आणि माशाच्या दाशीचं पाणीही नाही, असं तू जपानीत लिहून लॅमिनेट करून दिलंस. दाशी हा शब्द मला ठाऊकच नव्हता. साध्या दिसणाऱ्या सारातही सुकवलेल्या माशाचा अर्क असतो, हे कळल्यावर मी सहल रद्द करायला निघाले होते. उदोनच्या, म्हणजे जाड शेवयांच्या, एका दुकानात म्हाताऱ्या मालकाने ते कार्ड दोन्ही हातांनी घेतलं, चष्मा वर करून दोनदा वाचलं आणि दोन्ही हातांची फुली केली. मी उठले. तो "चोत्तो, चोत्तो" (जरा थांबा) म्हणत आत गेला आणि गार पाण्यातून काढलेले नुसते उदोन, किसलेलं आलं, कांद्याची पात आणि सोया सॉसची बाटली घेऊन आला. बाटलीवरची बारीक अक्षरं कार्डाशी ताडून बघून मगच त्याने ती माझ्यापुढे ठेवली. ते खाताना मला तू आठवलीस, आणि हे सांगताना पुन्हा घसा दाटतोय, तेव्हा पुढे जाते.

जवळच्या कुराशिकी गावी अर्धा दिवस गेले, छान आहे. इतर कुठेही गेले नाही.

परत आल्यावर दुसऱ्याच दिवशी आपल्या बागेत गेले. तळ्याच्या वळणावर पाय अडखळला, चहाचा मळा नव्हता ना. शिट्टीवाले मामा म्हणाले, "मॅडम, बरेच दिवसांनी!" त्यांना सांगून आले की हिची आई बरी आहे.

किबि-दांगोचा डबा आणलाय, जपानी लोककथेतल्या मोमोतारोने कुत्रा, माकड आणि फेझंट पक्ष्याला वाटले होते तेच लाडू. कार्ड परत देत नाहीये, ते माझ्या पर्समध्येच राहणार. तुझी पेन्सिल मात्र माझ्याकडेच राहिलेली निघाली, ती न्यायला शनिवारी सकाळी साडेसहाला बागेत ये. उशीर केलास तर डबा शिट्टीवाले मामा संपवतील.

तुझी,
काकू